सावनेर येथील अखेरचा मुक्काम

मराठी संगीत रंगभूमीचे संस्थापक बळवंत पांडुरंग ऊर्फ अण्णासाहेब किर्लोस्कर हे २ नोव्हेंबर १८८५ रोजी निवर्तले, तेव्हा त्यांच्या ‘रामराज्यवियोग’ नाटकाचे तीनच अंक लिहून झालेले होते. आणि जे झाले होते ते, उरलेल्यांची वाट न पाहता, त्यांच्या हयातीतच रंगभूमीवर रुजू झाले होते. त्याच वर्षी, पाच-सव्वापाच महिने आधी, २६ मे रोजी, गायकवाडांच्या मुलखातील नवसारी येथे राम गणेश गडकरी जन्मास आले. फलज्योतिषावर ज्यांची श्रद्धा आहे त्यांनी या योगाचा जो अर्थ लावायचा तो खुशाल लावावा. मला त्यातून एवढेच सुचते, की आपल्या नाटकधंद्यात लेखकाच्या मरणाचा आणि हस्तलिखिताच्या अपुरेपणाचा प्रारंभापासूनच एक निकटचा संबंध आहे, आणि त्या संबंधाची मुळे यमधर्माच्या दप्तरापेक्षा नाटक मंडळीच्या हिशेबवहीत अधिक सापडतील. अण्णासाहेबांचे शिष्य गोविंद बल्लाळ देवल १४ जून १९१६ रोजी वारले, आणि ज्या ‘संशयकल्लोळा’ने त्यांचे नाव घरोघर पोहोचले, ते नाटक संगीताच्या वेषात गंधर्व नाटक मंडळीने रंगभूमीवर आणले ते त्यानंतर, त्याच वर्षी. गडकऱ्यांच्या बाबतीत तर हा प्रकार पराकोटीला गेला: वयाची चौतिशीही न गाठता २३ जानेवारी १९१९ रोजी ते गेले, तेव्हा ‘एकच प्याला’ तयार असून रंगभूमीवर आलेले नव्हते, ‘भावबंधन’ नुकतेच पुरे झाले होते, आणि ‘राजसंन्यास’ व ‘वेड्यांचा बाजार’ अर्ध्यावर पडून होते.

या मरणाभोवती एक आख्यायिका वाढली आहे. ‘भावबंधना’चा शेवटचा प्रवेश संपवून लेखणी खाली ठेवली आणि काही तासांतच प्राण सोडला, अशी ती आहे, मराठी वाङ्मयात ज्याला थोडीफार गोडी आहे अशा प्रत्येकाने ती शाळेत किंवा घरी ऐकलेली असते. तिच्यातील तासांचा हिशेब घटिकापात्र लावून कोणी तपासला असेल असे वाटत नाही, आणि तपासण्याची मला हौसही नाही. अशा आख्यायिका रंगभूमीला प्रिय असतात, याचे कारण रंगभूमीला पडदा नेमका कोठे पाडावा याचे उपजत भान असते, आणि खऱ्या आयुष्यात तो बहुधा भलत्याच वाक्यावर पडतो हे तिला सहन होत नाही. फ्रान्समध्ये मोलिएर १७ फेब्रुवारी १६७३ च्या रात्री स्वतःच लिहिलेल्या, रोगी नसून स्वतःला रोगी समजणाऱ्या गृहस्थाच्या नाटकात त्या गृहस्थाचीच भूमिका करीत असता खरोखरीच कासावीस झाला, प्रयोग कसाबसा शेवटास नेला आणि घरी पोहोचून थोड्याच वेळात मरण पावला. नटाचा पेशा पत्करलेला म्हणून धर्मगुरूंनी त्याच्या दफनाला हरकत घेतली, आणि त्याच्या पत्नीला थेट राजाकडे दाद मागून रात्रीच्या अंधारात तो विधी उरकावा लागला. ज्या खुर्चीत बसून त्याने ती भूमिका केली, ती पॅरिसच्या नाट्यगृहाने अद्याप जपून ठेवली आहे. फ्रेंचांनी खुर्ची जपली. आम्ही आख्यायिका जपली. ‘संशयकल्लोळ’ हे मूळ याच मोलिएरच्या एका प्रहसनावरून, इंग्रजीच्या वाटेने, आपल्याकडे आले, हे जाता जाता नमूद करण्यास हरकत नाही.

परंतु गडकऱ्यांनी सावनेर येथे काढलेल्या त्या अखेरच्या दिवसांवर कोणा कादंबरीकाराने लेखणी उचलायची ठरविली, तर त्याने प्रथम मृत्युशय्येकडे न जाता नाटक मंडळीच्या बिऱ्हाडात शिरावे. गडकऱ्यांचे आयुष्यच त्या बिऱ्हाडात घडले. नवसारीकडे बाळपण गेल्यामुळे पहिले शिक्षण गुजराती, वडिलांचा वियोग लहानपणीच, नंतर पुण्याला येणे, फर्ग्युसन कॉलेजात प्रवेश आणि गणिताने केलेली अडवणूक, कॉलेज सोडून देणे, आणि मग किर्लोस्कर नाटक मंडळीतील मुलांना शिकविण्याची नोकरी. या नोकरीचे महत्त्व त्यांच्या चरित्रकारांनी पुरेसे ओळखले आहे असे मला वाटत नाही. नाटक मंडळी म्हणजे त्या काळी एक फिरते संस्थानच असे: आचारी आणि वाढपी, शिंपी, पडदेवाले, साथीदार, तालीममास्तर, हिशेबनीस, स्त्रीपार्टी नट आणि त्यांचे हट्ट, बालनट आणि त्यांचे अक्षरज्ञान, सर्वांची एकच चूल आणि एकच मुक्काम. त्या संस्थानातील पंतोजीला मुलांची उजळणी घेता घेता नाटक रोज आतील बाजूने पाहावयास मिळे. कोणत्या वाक्याला पिटातून टाळी येते, कोणते पद वन्समोअरने अर्धी रात्र खाते, खलपुरुष किती वेळ रंगभूमीवर राहिला म्हणजे प्रेक्षक सरसावून बसतो, हे ज्ञान कोणत्याही विद्यापीठात मिळाले नसते. श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांना ते गुरू मानीत, आणि कोटिक्रमाची दीक्षा त्यांनी तेथूनच घेतली. पण कोल्हटकरांच्या नाटकांना जो एक पुस्तकी वारा लागलेला असतो तो शिष्याच्या नाटकांना लागला नाही, याचे श्रेय मी त्या बिऱ्हाडाला देतो.

नव्या नाटकाची निकड हा या संस्थानाचा कायमचा रोग होता. जुन्या नाटकाचे उत्पन्न घसरू लागले की मालकाची नजर लेखकाकडे वळे. नाटक पुरे होण्याची वाट पाहण्याइतकी सवड नसल्यास हाती आलेल्या अंकांच्या नकला उतरवून नटांना वाटून टाकीत, आणि लेखक चौथा अंक लिहीत असता पहिल्याची तालीम सुरू होई. अण्णासाहेबांच्या तीन अंकांचे रहस्य यात आहे. त्यात १९१३ साली किर्लोस्कर मंडळीतून बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे बाहेर पडून गंधर्व नाटक मंडळी निघाली, आणि १९१८ साली चिंतामणराव कोल्हटकर, दीनानाथ मंगेशकर आणि कृष्णराव कोल्हापुरे यांनी पुन्हा त्याच वृक्षाची फांदी तोडून बळवंत संगीत मंडळी उभारली. मंडळ्या वाढल्या, पण नाटककार काही त्या प्रमाणात वाढले नाहीत. ‘प्रेमसंन्यास’ आणि ‘पुण्यप्रभाव’ यांनी गडकऱ्यांचे नाव झालेलेच होते. गोविंदाग्रज या नावाने कविता आणि बाळकराम या नावाने विनोदी लेख ते लिहीतच होते. एका देहात तीन लेखक आणि त्या तिघांच्या दारी तगादेदार, अशी ती अवस्था होती.

बळवंत मंडळीकडे भांडवल थोडे, पण दीनानाथांचा गळा होता. ते तेव्हा अवघे सतरा-अठरा वर्षांचे होते. नव्या मंडळीला उभे राहायचे तर तिच्या नावाचे असे नवे नाटक हवे, आणि ते गडकऱ्यांकडून यायचे होते. ‘भावबंधना’तील लतिका दीनानाथांनी आणि घनश्याम चिंतामणरावांनी केला. ज्याने ते नाटक वाचले आहे त्याला घनश्यामाची भाषणे एका विशिष्ट नटाच्या आवाजात ऐकू येऊ लागतात, इतकी ती अभिनयाच्या अंगाने कोरलेली आहेत.

आता सावनेर. नागपूरच्या उत्तरेस, छिंदवाड्याच्या वाटेवर दहा-बारा कोसांवर, कोलार नदीच्या काठचे हे गाव. त्या काळी ते मध्यप्रांतात मोडे. कापसाची मोठी पेठ, सरकी काढण्याचे आणि गठ्ठे बांधण्याचे कारखाने, आणि हंगामात बैलगाड्यांची रीघ, अशी त्याची ख्याती होती. गडकरी आजारी अवस्थेत येथे आपल्या बंधूंकडे आले. पुण्याच्या विद्वत्तेपासून आणि मुंबईच्या नाट्यगृहांपासून इतक्या लांब, जेथे ‘मनोरंजन’ मासिकाचा अंकही टपालाने कित्येक दिवसांनी पोहोचावा, अशा जागी मराठीतील सर्वांत शब्दसंपन्न लेखकाने शेवटचे दिवस काढावे, हे विचित्र वाटते खरे. पण आजारी माणूस प्रसिद्धीच्या जागी जात नाही. जेथे पथ्यपाणी करणारे कोणी आहे तेथे जातो.

काळ तर भीषण होता. १९१८ चा पाऊस दगा देऊन गेला होता, धान्य कडाडले होते, आणि शरद ऋतूत मानमोडीच्या, म्हणजे इन्फ्ल्युएन्झाच्या, साथीने सारा देश झोडपून काढला होता. त्यातही मध्यप्रांत-वऱ्हाडाला बसलेला तडाखा इतर इलाख्यांहून अधिक होता. ११ नोव्हेंबरला युरोपातील महायुद्ध थांबले, तेव्हा विजयोत्सवाची फर्माने निघाली ती अशा गावांतून, जेथे घराघरात सुतक होते. गडकऱ्यांच्या स्वतःच्या मित्रमंडळातही मृत्यूने आधीच हात घातला होता: त्याच वर्षी ५ मे रोजी बालकवी ठोमरे भादली स्थानकाजवळ आगगाडीखाली सापडून गेले होते, अठ्ठाविसाव्या वर्षी. ज्या केशवसुतांचा शिष्य म्हणवून घेण्यात गडकऱ्यांना धन्यता वाटे, ते तर १९०५ सालीच, चाळिशी गाठण्यापूर्वी, हुबळीस प्लेगने गेले होते. तेव्हाच्या कवीला अकाली मरणाची कल्पना करण्यासाठी प्रतिभेची गरज नव्हती.

येथून पुढे कल्पनेचा प्रांत सुरू होतो, आणि वाचकाने तो तसाच समजावा. माघाच्या उंबरठ्यावरची ती बोचरी थंडी, जी विदर्भात उतरली म्हणजे उन्हातही अंगातून जात नाही. पहाटेपासून पेठेकडे निघालेल्या गाड्यांच्या चाकांचा करकर आवाज. आणि एका साध्या घराच्या आतल्या खोलीत, पाठीशी तक्के लावून अर्धवट बसविलेला, हाडे उरलेला एक माणूस. लिहिण्याचे बळ दिवसातून थोडाच वेळ टिकते, आणि ते केव्हा येईल हे सांगता येत नाही. ज्वर उतरला की तो कागद मागतो. घरची माणसे नको म्हणतात, मग गुपचूप देतात, कारण न दिल्याने होणारा त्रागा औषधालाही जुमानत नाही. तो लिहितो तेव्हा मधूनच स्वतःशी हसतो. ‘भावबंधना’तील कामण्णाच्या तोंडी एखादी नवी कोटी सुचलेली असते. दुपारी पुन्हा ग्लानी. संध्याकाळी कोणी वाचून दाखवते, आणि तो डोळे मिटूनच एखादे विशेषण बदलावयास लावतो, त्याऐवजी दुसरे, मग पुन्हा पहिलेच. पुण्याहून पत्र आलेले आहे. त्यात प्रकृतीची चौकशी चार ओळी आणि शेवटच्या अंकाची चौकशी एक ओळ. त्या एका ओळीसाठीच बाकीचे पत्र लिहिलेले आहे हे ओळखण्याइतका तो नाटककार अद्याप आहे, आणि त्याचा त्याला रागही येत नाही. मंडळीच्या चुलीवर किती माणसांचा भात शिजतो हे त्याने स्वतः पंगतीत बसून पाहिलेले आहे.

मी लिहीन तर येथेच थांबेन. मरणोन्मुख गडकऱ्यांच्या तोंडी भाषण घालण्याचा मोह मात्र कोणीही आवरावा. त्यांच्या पात्रांना अखेरच्या क्षणी वक्तृत्व सुचत असे, हे ‘एकच प्याला’चा पाचवा अंक ऐकलेल्यांना सांगावयास नको, पण ज्याने आयुष्यभर इतरांना मरतेसमयी बोलावयास लावले, त्याला स्वतःला दम पुरला असेल असे मानण्यास काही आधार नाही.

‘एकच प्याला’विषयी दोन शब्द अधिक लिहिले पाहिजेत, कारण त्या नाटकाचा भाग्योदय आणि कर्त्याचा अंत हे एकमेकांच्या इतके लगत आहेत, की महिनाभर कर्ता जगता तर दोन्ही एकाच मांडवात आले असते. सनद स्थगित झालेला वकील सुधाकर, त्याच्या हाती पहिला प्याला देणारा तळीराम, आणि संसाराची राखरांगोळी मुकाट्याने पाहणारी सिंधू यांची ही शोकांतिका २० फेब्रुवारी १९१९ रोजी, म्हणजे गडकऱ्यांना जाऊन चार आठवडे होत असता, गंधर्व नाटक मंडळीने बडोद्यास रंगभूमीवर आणली. बालगंधर्व सिंधू, गणपतराव बोडस सुधाकर. ज्या गायकवाडी मुलखात हा लेखक जन्मला त्याच मुलखाच्या राजधानीत त्याचे सर्वश्रेष्ठ नाटक प्रथम उभे राहिले, आणि ते पाहण्यास तो नव्हता. त्याहून मौजेची, किंवा दुःखाची म्हणा, गोष्ट अशी, की या नाटकातील पदे त्यांची नाहीत. गोविंदाग्रजांसारखा कवी स्वतःच नाटककार असता पदे लिहिली ती त्यांचे स्नेही, कथालेखक वि. सी. गुर्जर यांनी. बालगंधर्वांच्या गळ्यातून ती पदे महाराष्ट्रभर गेली, आणि आजही कित्येक श्रोते ती गडकऱ्यांचीच समजून माना डोलावतात. गुर्जरांनी या गैरसमजाचे दुःख मानले असेल असे वाटत नाही. मित्राचे अडलेले काम हाती घेतले म्हणजे नावावर हक्क सांगावयाचा नसतो, हे त्या पिढीचे वळण होते.

मला मात्र खरा प्रश्न पडतो तो ‘राजसंन्यासा’चा. संभाजी महाराजांवरील या नाटकाचे गडकऱ्यांनी सुटे सुटे प्रवेश लिहून ठेवले होते. सलग अशी त्याची घडी बसलेलीच नव्हती. पण जे प्रवेश आहेत त्यांत त्यांची भाषा अशा एका उंचीवर गेलेली आहे, की ‘प्रेमसंन्यासा’तील कोट्यांचा पसारा तिच्या शेजारी पोरकट दिसावा. समुद्राचे तुफान, सिंधुदुर्गाचा तट, राजा आणि त्याचे स्खलन, आणि या साऱ्यावर शिवछत्रपतींच्या स्मृतीची छाया. असे नाटक समोर असता, आणि हाती मोजके दिवस उरले आहेत हे त्यांच्यासारख्या तीक्ष्ण बुद्धीच्या माणसाला कळत असता, त्यांनी ते बाजूस सारून ‘भावबंधना’चा सुखान्त शेवट लिहिण्यात शेवटची शक्ती का वेचावी? वाङ्मयाचा विचार करणारा कोणीही म्हणेल की निवड चुकली. ‘भावबंधन’ हे कसबी नाटक आहे, घनश्यामासारखा खलपुरुष मराठीत विरळा, आणि विनोदही भरघोस. पण जे ‘राजसंन्यासा’त होऊ घातले होते ते त्यात नाही.

उत्तर माझ्या मते वाङ्मयात नसून धंद्यात आहे, आणि ‘धंदा’ हा शब्द मी येथे कमीपणाने वापरत नाही. ‘भावबंधना’ची एक मंडळी वाट पाहत होती, तिचे नट ठरलेले होते, तिच्या पडद्यांचे आणि पगारांचे देणे त्या कागदांवर अवलंबून होते. ‘राजसंन्यासा’ची भवितव्य वाट पाहत असेल, पण भवितव्याच्या घरी कोणी उपाशी राहत नाही. किर्लोस्करांच्या बिऱ्हाडात मुलांना अक्षरे गिरवावयास शिकविलेल्या पंतोजीने देणे आधी फेडले. हे अनुमान आहे, साक्षीपुरावा नव्हे. तथापि जो लेखक न्यायालयात आपल्या नायकाची सनद स्थगित करवितो आणि शब्द न पाळणाऱ्या माणसांच्या अधोगतीवर पाच अंक खर्ची घालतो, त्याला दिलेल्या शब्दाचे ओझे वाटत असणार, असे मानण्यात फारशी चूक होईल असे वाटत नाही. कवी म्हणून त्यांनी गमावले ते थोडे नाही. त्यांच्या मरणानंतर ज्यांनी त्यांचा गौरव केला त्यांतील बहुतेकांनी शेवटच्या तासांचे वर्णन केले. त्या तासांची किंमत ‘राजसंन्यासा’ने भरली, हे मात्र फारसे कोणी बोलत नाही.

‘राजसंन्यास’ १९२२ साली आहे त्याच तुटक स्थितीत छापून निघाले. ‘वाग्वैजयंती’ हा कवितासंग्रहही त्यांच्या मागेच, १९२१ साली आला. १९३२ साली वि. स. खांडेकरांनी गडकऱ्यांचे व्यक्तित्व आणि वाङ्मय यांवर ग्रंथ लिहिला. आचार्य अत्र्यांनी तर गुरुभक्तीचा झेंडा जन्मभर खांद्यावर वागविला. पुण्यातील संभाजी उद्यानात त्यांचा अर्धपुतळा उभा राहिला, आणि जानेवारी २०१७ मध्ये, याच अपुऱ्या नाटकातील संभाजी महाराजांच्या चित्रणावर रोष धरून, काही लोकांनी तो रात्री उखडून मुठेच्या पात्रात टाकला. नाटक पुरे झाले असते तर हा रोष उद्भवला नसता असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही. राजाच्या पतनापासून त्याच्या अखेरच्या धैर्यापर्यंतची वाट लेखकाला दाखवावयाची होती, हे ‘राजसंन्यास’ या नावातच आहे. ती मधली वाट कागदावर न उतरल्यामुळे दोन टोकेच तेवढी हाती राहिली, आणि ज्याला जे टोक हवे ते त्याने धरले.

कादंबरीकाराला आणखी एक साधन हाताशी आहे. चिंतामणराव कोल्हटकरांनी १९५७ साली ‘बहुरूपी’ हे आपले आत्मचरित्र प्रसिद्ध केले, आणि पुढील वर्षी त्यास साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. घनश्याम ज्याने वर्षानुवर्षे रंगविला, आणि ‘भावबंधना’च्या अखेरच्या अंकाची वाट ज्याच्या मंडळीने पाहिली, त्या माणसाची ही जबानी आहे. नटाची स्मृती रंगतदार असते हे गृहीत धरून ती वाचावी. पण तालमी, नकला, मुक्काम, उत्पन्न आणि देणी यांविषयी तो जे सांगतो त्यावर विश्वास टाकण्यास हरकत नाही, कारण त्या बाबतीत विसर पडलेला नट त्या काळी दुसरी मंडळी काढण्याच्या भानगडीत पडत नसे.